टाउबरकांठचें रोटेनबुर्ग

दक्षिण जर्मनींत टाउबर नांवाची एक लहानशी नदी आहे. तिच्या खोऱ्यांत उभें राहून वर पाहिलें म्हणजे सुमारें दोनशें फूट उंचीच्या कड्यावर एक गांव दिसतें. तांबड्या कौलांचीं उभ्या उतरणीचीं छपरें, त्यांमधून वर डोकावणारे मनोरे, आणि सगळ्या गांवाला कवेंत घेऊन बसलेला दगडी तट. तटावर चाळीसांहून अधिक बुरूज व मनोरे आहेत. तटाच्या आंतल्या अंगानें वर छप्पर असलेली अरुंद वाट जाते. पूर्वीं पहारेकरी जेथून गस्त घालीत तेथून आज कोणीहि फिरावें. या गांवाचें नांव रोटेनबुर्ग. त्याच नांवाचीं दुसरीं गांवें जर्मनींत असल्यामुळें ‘टाउबरवरचें रोटेनबुर्ग’ असें पुरें नांव घेण्याचा प्रघात आहे. वस्ती अकरा हजारांच्या आसपास. त्यांतहि तटाच्या आंत राहणारे थोडे. तरी मध्ययुगांतील जर्मनी कशी दिसत होती हें पाहण्यासाठीं जगभरांतून माणसें येथें येतात, आणि बहुतेकांच्या तोंडून एकच वाक्य निघतें : येथें काळ थांबला आहे.

हें वाक्य जितकें गोड तितकेंच फसवें आहे. रोटेनबुर्गच्या आठनऊशें वर्षांच्या इतिहासांत काळ एकदांहि थांबलेला दिसत नाहीं. तेथें आटला तो पैसा. आणि पुढें कित्येक पिढ्यांनंतर, जें मोडावयाचें राहून गेलें होतें तें आतां मोडूं द्यावयाचें नाहीं, असें लोकांनीं बुद्धिपुरस्सर ठरविलें. काय राखावयाचें आणि कोणाला राहूं द्यावयाचें, हे दोन प्रश्न त्या तटाच्या आंत पुन्हा पुन्हा निघाले, आणि त्यांचीं उत्तरें नेहमीं एका दिशेचीं आलीं नाहींत.

कथेला आरंभ गढीपासून करावा लागतो. इ. स. ११४२ मध्यें होहेनश्टाउफेन घराण्याचा राजा तिसरा कोन्राड यानें नदीच्या वळणांतील कड्याचें हें टोंक मिळविलें व तेथें गढी उभारली. गढीच्या पाठीशीं बाजार भरूं लागला, बाजाराभोंवतीं गांव वसलें. पुढें तें राजघराणें लयास गेलें, आणि १२७४ सालीं हाब्सबुर्ग घराण्यांतील राजा रुडोल्फ यानें रोटेनबुर्गला स्वतंत्र साम्राज्यनगराचा दर्जा दिला. म्हणजे गांवावर मधला कोणी सरदार किंवा बिशप राहिला नाहीं. वर प्रत्यक्ष राजा आणि खालीं गांवची नगरसभा. न्याय, कर, तट, पहारा, सारें नगरसभेच्या हातीं. नगरसभा म्हणजे अर्थात् सगळे रहिवासी नव्हेत. मोजक्या धनिक घराण्यांची ती मिरास होती. १३५६ च्या मोठ्या भूकंपांत गढी ढांसळली, तिचे दगड गांवच्या बांधकामाला लागले, आणि जेथें राजे मुक्काम करीत तेथें आज बाग आहे. गढीपैकीं एक लहानसें प्रार्थनामंदिर तेवढें उभें आहे.

ज्या रुडोल्फनें गांवाला स्वातंत्र्याची सनद दिली, त्याच रुडोल्फनें त्या गांवच्या सर्वांत विख्यात रहिवाशाला कैदेंत टाकलें, हा योगायोग रोटेनबुर्गच्या वर्णनांत क्वचितच आढळतो. हा रहिवासी म्हणजे यहुदी धर्मशास्त्रज्ञ राब्बी मेईर बेन बारुख. तो मूळचा वर्म्स शहराचा. तरुणपणीं तो फ्रान्समध्यें शिकावयास गेला, आणि १२४२ सालीं पॅरिसच्या चौकांत तालमूद ग्रंथाच्या गाड्या भरभरून आणलेल्या पोथ्या राजाज्ञेनें जाळण्यांत आल्या, तो प्रकार त्यानें पाहिला. त्यावर त्यानें रचलेलें शोकगीत यहुदी लोक एका उपवासाच्या दिवशीं अद्यापि म्हणतात. पुढें तो रोटेनबुर्गला येऊन राहिला व सुमारें चाळीस वर्षें तेथें त्याची पाठशाळा चालली. दूरदूरच्या यहुदी वस्त्यांतून त्याच्याकडे प्रश्न येत. भागीदारी मोडली तर तोटा कोणीं सोसावा, नवरा परागंदा झाला तर बायकोनें काय करावें, राजाचा कर घरटीं कसा वांटावा, असे ते रोजच्या व्यवहाराचे प्रश्न असत. आणि त्यानें दिलेलीं हजाराच्या घरांतलीं निर्णयपत्रें आजहि उपलब्ध आहेत. तेराव्या शतकांतील जर्मनींत सामान्य माणूस कसा जगत होता, हें राजांच्या बखरींपेक्षां या पत्रांवरून अधिक कळतें.

त्या काळच्या कायद्याप्रमाणें यहुदी हे राजाच्या खजिन्याचे दास मानले जात. त्यांनीं देश सोडला तर राजाचें उत्पन्न बुडे. कर असह्य होऊन अनेक कुटुंबें परदेशीं निघालीं, तेव्हां १२८६ मध्यें मेईरहि आपल्या मंडळींसह निघाला. उत्तर इटालींत लोम्बार्डीपर्यंत तो पोंचला होता. तेथें कोणीं तरी त्याला ओळखलें, तो पकडला गेला आणि रुडोल्फच्या स्वाधीन झाला. आल्सासमधील एन्सिसहाइमच्या किल्ल्यांत त्याला ठेवण्यांत आलें. शिष्यांनीं व वस्त्यांनीं खंडणीची मोठी रक्कम जमविली. पण, परंपरा असें सांगते कीं, मेईरनेंच ती भरूं दिली नाहीं. एका गुरूसाठीं खंडणी मिळाली म्हणजे उद्यां प्रत्येक राजा गुरूंनाच धरूं लागेल, असें त्याचें म्हणणें. कैदेंतहि तो प्रश्नांचीं उत्तरें लिहीत राहिला. १२९१ त रुडोल्फ वारला, तरी सुटका झाली नाहीं. १२९३ त मेईर कैदेंतच मरण पावला, आणि मग त्याचें प्रेत अडवून धरण्यांत आलें. चवदा वर्षांनीं, १३०७ सालीं, आलेक्झांडर बेन सालोमो विम्फेन नांवाच्या एका गृहस्थानें द्रव्य भरून तें सोडविलें. त्याची अट एवढीच होती कीं, आपण मेल्यावर आपल्याला राब्बीच्या शेजारीं पुरावें. वर्म्सच्या जुन्या यहुदी दफनभूमींत ते दोन दगड शेजारीं शेजारीं आजहि उभे आहेत.

त्यानंतरची एक आपत्ति मात्र मेईरला पाहावी लागली नाहीं. १२९८ च्या उन्हाळ्यांत फ्रँकोनियाच्या मुलखांत एका माणसानें, यहुद्यांनीं पवित्र प्रसादाची विटंबना केली अशी आवई उठवून टोळ्या जमविल्या. रोटेनबुर्गवर त्या एकदां नव्हे, त्या उन्हाळ्यांत तीनदां आल्या, आणि साडेचारशेंच्या आसपास यहुदी मारले गेले. त्यांच्या स्मरणार्थ हिब्रू भाषेंत कोरलेला एक दगड पुढें जमिनींत गाडला गेला. तो १९१४ सालीं सांपडला. कत्तलींनंतर यहुदी पुन्हा आले. १३४९ त महामारीच्या धास्तींत पुन्हा बाहेर गेले किंवा मेले, आणि पुन्हा आले. जुना खंदक बुजवून झालेल्या जागेवर १३७१ नंतर त्यांची नवी गल्ली वसली.

चवदाव्या शतकाचा अखेरचा भाग हा रोटेनबुर्गच्या वैभवाचा काळ होय. तटाच्या आंत सहा हजारांवर वस्ती होती; त्या काळीं एवढी वस्ती म्हणजे मोठें शहर. हाइनरिख टोप्लर हा नगराध्यक्ष मोठा हिकमती होता. कर्जबाजारी सरदारांकडून त्यानें गढ्या व खेडीं विकत घेतलीं, आणि दीडशेंहून अधिक खेड्यांचा मुलूख गांवाच्या अंमलाखालीं आणला. खोऱ्यांत त्यानें १३८८ त बांधलेलें चिमुकलें मनोऱ्यासारखें घर अद्यापि आहे. खालीं दगडी खांब आणि वर लांकडी घर, अशी त्याची गमतीची ठेवण आहे. पदच्युत झालेल्या वेन्सेल राजाचा पक्ष धरल्यामुळें टोप्लर गोत्यांत आला. १४०८ सालीं नगरसभेनें आपल्याच अध्यक्षाला नगरभवनाखालच्या अंधारकोठडींत टाकलें आणि तेथेंच त्याचा अंत झाला. ती कोठडी आज प्रवाशांना दाखवितात.

यानंतरच्या शंभर वर्षांत गांवानें आपलें सर्वांत मोठें मंदिर पुरें केलें. सेंट याकोबचें हें चर्च १३११ मध्यें बांधावयास घेतलें, तें १४८४ पर्यंत चाललें. त्याच्या पश्चिमेकडील सज्ज्यांत एक वेदी आहे. वुर्त्सबुर्गचा शिल्पी टिलमान रीमेनश्नायडर यानें ती १५०१ ते १५०५ च्या दरम्यान लिंडेनच्या लांकडांतून कोरली. येशूच्या अखेरच्या भोजनाचा प्रसंग तींत आहे. त्या काळच्या चालीप्रमाणें अशा मूर्तींवर रंग व सोनें चढवीत. रीमेनश्नायडरनें येथें लांकूड उघडें ठेवलें. रंगाचें काम त्यानें प्रकाशावर सोंपविलें असें म्हटलें तरी चालेल, कारण मूर्तींच्या मागें बारीक खिडक्या आहेत आणि दिवस चढतो तसतशा चेहऱ्यांवरच्या सांवल्या फिरतात. याहून विलक्षण गोष्ट म्हणजे चित्राच्या मध्यभागीं येशू नाहीं. तेथें विश्वासघातकी ज्यूडास उभा आहे, हातांत पैशांची थैली घेऊन. येशू बाजूला बसून त्याच्याकडे घांस पुढें करीत आहे. सगळ्या वेदींत सर्वांत लक्ष वेधून घेणारा माणूस हा ज्याला घालवून द्यावयाचा तोच आहे. ज्या गांवासाठीं ही वेदी झाली त्याचा पुढचा इतिहास ठाऊक असला म्हणजे या मांडणीपुढें पाऊल जरा अडतें.

कारण त्यानंतर पंधराच वर्षांत घालवून देण्याचा प्रसंग खरोखरीच आला. सेंट याकोबचा प्रवचनकार योहान्नेस टॉयश्लाइन यानें कित्येक वर्षें यहुद्यांविरुद्ध व्याख्यानांचा सपाटा चालविला होता. १५१९ च्या अखेरीस नगरसभेनें त्यांना गांव सोडण्याचा हुकूम दिला. ते निघून गेले नाहींत तोंच, १५२० च्या आरंभीं, जमावानें त्यांच्या प्रार्थनामंदिराचा कबजा घेतला आणि तेथें मेरीमातेचें देऊळ झालें. या वेळीं मात्र ते परत आले नाहींत. साडेतीनशें वर्षें रोटेनबुर्गच्या तटाच्या आंत यहुदी राहिला नाहीं.

टॉयश्लाइनचें पुढें काय झालें हेंहि पाहण्यासारखें आहे. तो लूथरच्या मताकडे वळला, आणि १५२५ त शेतकऱ्यांचें बंड झालें तेव्हां बंडवाल्यांच्या बाजूस गेला. मुलूखभर वेठबिगार व कर यांनीं गांजलेले शेतकरी उठले होते. खेड्यांच्या जिवावर जगणाऱ्या या गांवांतहि कारागीर व गरीब लोक नगरसभेवर उठले, आणि गांव बंडांत सामील झालें. बंड मोडण्यास सरदारांना फार दिवस लागले नाहींत. जूनच्या अखेरीस आन्सबाखचा सत्ताधीश काझिमिर रोटेनबुर्गच्या बाजारचौकांत आला, आणि तेथें बंडवाल्यांचीं डोकीं उडविण्यांत आलीं. त्यांत टॉयश्लाइन होता. वेदी कोरणारा रीमेनश्नायडर तिकडे वुर्त्सबुर्गला नगरसभेचा सभासद होता. त्या सभेनें शेतकऱ्यांवर शस्त्र चालविण्याचें नाकारलें म्हणून त्याला पकडून हाल केले. त्याचे हात मोडले अशी कथा सांगतात, तिला पुरावा नाहीं. सुटल्यावर त्याच्या हातून फारसें कांहीं मोठें काम झालें नाहीं. १५३१ त तो वारला, आणि लोक त्याला इतके विसरले कीं, १८२२ सालीं त्याच्या थडग्याचा दगड सांपडला तेव्हां त्याच्या नांवाची ओळख नव्यानें करून घ्यावी लागली.

रोटेनबुर्ग १५४४ मध्यें प्रॉटेस्टंट झालें. त्या शतकाच्या उत्तरार्धांत थोडी भरभराट होती. आगींत जळालेल्या नगरभवनाचा पुढचा भाग १५७२ पासून नव्या इटालियन धर्तीवर बांधला गेला, आणि दक्षिणेकडील इस्पितळ-वेशीला भक्कम बुरूज चढला. त्या वेशीवर लॅटिन भाषेंत एक लेख आहे. त्याचा आशय असा कीं, येणाऱ्यांना शांति लाभो आणि जाणाऱ्यांचें क्षेम होवो.

आतां ज्या प्रसंगानें रोटेनबुर्गचें नांव शाळकरी मुलांच्याहि तोंडीं गेलें, तो प्रसंग. १६१८ पासून १६४८ पर्यंत जर्मनींत कॅथॉलिक व प्रॉटेस्टंट यांचें तीस वर्षांचें युद्ध चाललें होतें. १६३१ च्या ऑक्टोबर अखेरीस कॅथॉलिक पक्षाचा सेनापति टिली यानें रोटेनबुर्ग घेतलें. गांवानें प्रतिकार केला म्हणून तो खवळला आणि त्यानें नगरसभासदांना देहान्त शिक्षा फर्माविली. मग, कथा म्हणते, त्याच्यापुढें स्वागताचा म्हणून मद्याचा एक भलामोठा पेला आणण्यांत आला. सव्वातीन लिटर मावतील एवढा. टिलीची मुद्रा जरा निवळली. हा पेला कोणी एका दमांत रिकामा करील तर सर्वांना सोडतों, असें तो म्हणाला. नूश नांवाचे वृद्ध माजी नगराध्यक्ष पुढें झाले, त्यांनीं पेला तोंडाला लावला तो रिकामा करूनच खालीं ठेवला. आणि गांव वांचलें.

यांतला टिली खरा आहे. गेऑर्ग नूशहि खरा आहे. या प्रसंगानंतर तो १६६८ पर्यंत जगला. काचेचा रंगीत पेलाहि आहे, त्याच्यावर १६१६ साल घातलेलें आहे. खरें नाहीं तें एवढेंच कीं, हे तिघे त्या दिवशीं एकत्र आले. त्या काळच्या कागदपत्रांत या पराक्रमाचा उल्लेख नाहीं; तो येतो अठराव्या शतकांतील एका बखरींत, म्हणजे शंभरांहून अधिक वर्षांनंतर. बखरींतून इतिहास शिकलेल्या मराठी माणसाला याचें नवल वाटण्याचें कारण नाहीं. जेतें गांव पैसे देऊन सुटतें तेथें पुढची पिढी पैशांऐवजीं पराक्रम सांगते. प्रत्यक्षांत रोटेनबुर्ग या युद्धांतून सुटलें नाहींच. एका सैन्यानें सोडलें कीं दुसरें येई. १६४५ सालीं फ्रेंच सेनापति तुरेन यानेंहि तें घेतलें. प्रत्येक सैन्यानें धान्य, गुरें व रोकड नेली. तह १६४८ त झाला, पण गांवांतलें परकें सैन्य हालण्यास १६५० उजाडलें. तोंवर खेडीं उजाड झालीं होतीं आणि गांव कर्जांत बुडालें होतें.

आज जें रोटेनबुर्ग दिसतें त्याचा खरा जनक हा कर्जाचा डोंगर होय. अठराव्या शतकांत जर्मनींतील श्रीमंत राजधान्यांनीं जुनीं घरें पाडून प्रासाद बांधले, एकोणिसाव्या शतकांत व्यापारी शहरांनीं तट पाडून रुंद रस्ते काढले. व्हिएन्नानें १८५७ नंतर तेंच केलें. रोटेनबुर्गला घर पाडणें परवडत नव्हतें, मग नवें बांधणें दूरच. १८०२ मध्यें गांवाचें स्वातंत्र्य गेलें व तें बव्हेरियाच्या राज्यांत सामील झालें. पुढें आठ वर्षांनीं त्याच्या जुन्या मुलखाचा एक भाग शेजारच्या वुर्टेम्बेर्गकडे गेला, आणि ज्या खेड्यांवर बाजार चाले त्यांतलीं कित्येक परमुलखांत गेलीं. मुख्य आगगाडी दुरून गेली. १८७३ त एक फांटा आला, तोहि वेशीच्या बाहेर येऊन थांबला. कारखाने आले नाहींत. पडकीं घरें डागडुजी करून वापरीत राहणें हाच गांवाचा एकमेव धंदा होता.

आणि मग त्या दारिद्र्यालाच गिऱ्हाईक आलें. म्यूनिकचा कार्ल श्पिट्सवेग याच्यासारखे चित्रकार येथें येऊन वांकड्या गल्ल्या व कोनाकृति घरें रंगवूं लागले. त्यांच्या मागून इंग्रज चित्रकार आले. चित्रें पाहून प्रवासी आले. नव्यानें एक झालेल्या जर्मन राष्ट्राला आपलें जुनें रूप कोठें तरी पाहावयाचें होतें, तें येथें सांपडलें. गांवकऱ्यांनीं हें ओळखलें. १८८१ मध्यें आडाम ह्योर्बर या गांवच्याच माणसानें पेल्याच्या कथेवर नाटक रचलें. गांवांतल्याच हौशी मंडळींनीं तें नगरभवनाच्या दिवाणखान्यांत केलें, आणि तेव्हांपासून पेंटेकोस्टच्या सणाला तें करण्याची रूढी पडली. १९१० मध्यें चौकांतल्या घड्याळाशेजारीं दोन खिडक्या बसविल्या : ठराविक तासाला त्या उघडतात, एकींतून टिली डोकावतो आणि दुसरींत नूश पेला तोंडाला लावतो. १८९८ त जुन्या रोटेनबुर्गच्या रक्षणासाठीं एक मंडळ निघालें, आणि छपराचा उतार, खिडकीची चौकट, दुकानाची पाटी यांवरहि नियम आले. इंग्लंडचा नगररचनाकार रेमंड अनविन याला तर हें गांव म्हणजे पाठ्यपुस्तकच वाटलें. लंडनच्या हॅम्पस्टेड भागांत त्यानें जी उद्यानवस्ती आंखली तिच्या कडेच्या विटांच्या भिंतींत रोटेनबुर्गच्या तटाची आठवण आहे.

जुनेपणा हा असा एकदां अभिमानाचा विषय झाला म्हणजे तो कोणाच्याहि हातीं लागूं शकतो. १९३३ नंतर नात्सी राजवटीनें रोटेनबुर्गला अस्सल जर्मन गांवाचा नमुना ठरविलें. सरकारी सहलींतून कामगारांना गाड्या भरभरून येथें आणीत. त्याच वर्षांत गांवच्या वेशींवर यहुद्यांची निंदा करणाऱ्या कोरीव लांकडी पाट्या लागल्या. १८७० नंतर पुन्हा कांहीं यहुदी कुटुंबें येथें येऊन राहिलीं होतीं. गुरांचा, कापडाचा व्यापार करणारीं तीं साधीं माणसें. त्रासाला कंटाळून बहुतेक निघून गेलीं, तरी १९३८ च्या शरद ऋतूंत सतरा जण उरले होते. २२ ऑक्टोबरला त्यांना गांवाबाहेर हांकलण्यांत आलें. सबंध जर्मनींत यहुद्यांचीं प्रार्थनामंदिरें जाळण्याची रात्र त्यानंतर अठरा दिवसांनीं आली. रोटेनबुर्गनें सरकारी इशाऱ्याची वाट पाहिली नव्हती.

महायुद्ध संपत आलें तोंवर गांवावर बाँब पडला नव्हता. ३१ मार्च १९४५ रोजीं अमेरिकन विमानांची एक तुकडी दुसरीकडच्या तेलाच्या सांठ्यावर निघाली होती. लक्ष्य धुक्यांत दडलें होतें, म्हणून तिनें रोटेनबुर्गवर बाँब टाकले. सुमारें चाळीस माणसें मेलीं. पूर्वेकडील तीनशेंहून अधिक घरें, नऊ मनोरे आणि सहाशें मीटरांहून अधिक तट कांहीं मिनिटांत गेला. पश्चिमेकडचा भाग, चर्च आणि वेदी वांचली.

दोन आठवड्यांनीं अमेरिकन पायदळ वेशीशीं आलें. गांव शेवटपर्यंत लढवावें असा हिटलरचा हुकूम होता, आणि तें लढविलें असतें तर तोफांनीं उरलेलें संपविलें असतें. येथें एक व्यक्तिगत धागा कामीं आला. अमेरिकेच्या युद्धखात्याचा उपसचिव जॉन मॅकक्लॉय याच्या आईनें पूर्वीं रोटेनबुर्ग पाहिलें होतें, आणि त्या गांवाचें एक चित्र त्याच्या घरीं होतें. त्यानें जनरल डेव्हर्स याला तोफा न वापरण्याविषयीं सांगितलें. पांढरें निशाण घेऊन कांहीं सैनिक आंत गेले. जर्मन अधिकाऱ्यानें वरचा हुकूम बाजूस ठेवून सैन्य काढून घेतलें, आणि १७ एप्रिलला गांव लढाईवांचून अमेरिकनांच्या ताब्यांत आलें. पुढें रोटेनबुर्गनें मॅकक्लॉयचा मोठा सन्मान केला, तो योग्यच होय. पण त्याच गृहस्थाच्या दप्तरांत आणखी कांहीं पत्रें आहेत. १९४४ सालीं यहुदी संघटनांनीं अमेरिकन सरकारला विनंती केली होती कीं, ऑशवित्झच्या छळछावणीकडे जाणाऱ्या रेल्वेमार्गांवर बाँब टाकावेत. नकाराचीं उत्तरें मॅकक्लॉयच्या सहीनें गेलीं. निर्णय त्याच्या एकट्याचा नव्हता, आणि लष्करी कारणें देण्यांत आलीं होतीं, हें सांगितलें पाहिजे. गांवाच्या बाबतींत मात्र घरांतल्या भिंतीवरचें एक चित्र पुरेसें झालें.

तट पुन्हा उभा राहिला तो वर्गणींतून. जगभरच्या लोकांनीं तटाच्या एकेका मीटरचा खर्च दिला, आणि ज्यानें दिला त्याच्या नांवाचा दगड भिंतींत बसविला. छपराच्या वाटेनें चालतांना हीं नांवें ओळीनें लागतात. जर्मन, अमेरिकन आणि कितीतरी जपानी. पूर्वेकडचीं घरें जुन्याच आंखणीवर, जुन्याच उताराच्या छपरांचीं बांधलीं. नीट पाहिलें तर त्यांच्या भिंती जरा साध्या व जरा सरळ दिसतात. बहुतेक प्रवाशांच्या हें ध्यानांत येत नाहीं.

ज्या गल्लींत यहुदी राहत ती मात्र बरीचशी मूळचीच आहे. जुन्या मठांतल्या संग्रहालयांत नूशचा म्हणून दाखविला जाणारा पेला आहे, त्याच इमारतींत १२९८ चा तो हिब्रू दगडहि आहे. तेथून निघून गल्लींत आलें म्हणजे चवदाव्या-पंधराव्या शतकांतलीं घरें दाटीनें उभीं दिसतात. त्यांतील एका घराच्या तळघरांत पायऱ्या उतरून गेल्यावर धार्मिक स्नानाचें दगडी कुंड आहे. १५२० नंतर घराचे मालक बदलत गेले, वरचे मजले बदलत गेले, आणि कुंड खालीं तसेंच राहिलें.